‘वळल्या’ या शब्दाबद्दल

प्रति,
माननीय संपादक,
स. न. वि. वि.

गेल्या रविवारच्या पुरवणीत तुम्ही दिग्दर्शन करणाऱ्या सहा अभिनेत्रींवर अर्धे पान दिलेत. सहा फोटो आणि प्रत्येकीखाली चार-पाच ओळी. जर्मनीच्या मारिया श्राडर यांच्या फोटोखाली छापले आहे, ‘वयाच्या पन्नाशीनंतर त्या दिग्दर्शनाकडे वळल्या.’ आडनावही ‘श्रेडर’ केले आहे. श्रेडर म्हणजे कागदाच्या चिंध्या करायचे यंत्र. मी बत्तीस वर्षे कचेरीत काढली, त्यामुळे त्याचा आवाजसुद्धा ओळखते. पण आडनावाचे सोडा. माझे भांडण आहे ‘वळल्या’शी.

आधी हिशेब. बाईंचा जन्म १९६५ चा, हानोफर गावचा. शिक्षण व्हिएन्नाच्या माक्स राइनहार्ट सेमिनारमध्ये, म्हणजे नाटकाच्या शाळेत. दिग्दर्शिका म्हणून पहिला चित्रपट ‘लीबेसलेबेन’, झेरुया शालेव या इस्रायली लेखिकेच्या कादंबरीवरचा. तो २००७ साली आला, तेव्हा त्या बेचाळीस वर्षांच्या होत्या. त्याच्याही खूप आधी, नव्वदीच्या दशकात, दानी लेवी या दिग्दर्शकाच्या चित्रपटांत त्या काम करत होत्या आणि त्याच्याबरोबर बसून पटकथाही लिहीत होत्या. पुढे २०२० साली ‘अनऑर्थोडॉक्स’ या चार भागांच्या मालिकेच्या दिग्दर्शनासाठी त्यांना एमी, म्हणजे अमेरिकेतला टीव्हीचा मोठा पुरस्कार, मिळाला. त्याच वर्षी ‘डॉइचलँड ८९’ ही मालिका आली. तिच्यात पूर्व जर्मनीच्या गुप्तहेर खात्यातली लेनोरा त्यांनीच रंगवली आहे. ‘८३’ आणि ‘८६’ या आधीच्या भागांतही त्याच होत्या. एकाच वर्षी एका हाताला दिग्दर्शनाचे बक्षीस आणि दुसऱ्या हाताने अभिनय चालू. मग वळल्या कुठून आणि गेल्या कुठे?

नट दिग्दर्शन करू लागला की आपण लिहितो, ‘आता दिग्दर्शकाच्या खुर्चीत’. बाई करू लागली की ती ‘वळते’. जणू नाक्यापर्यंत भाजी आणायला निघाली होती, वाटेत देऊळ लागले म्हणून वळली.

माझा राग थोडा घरचाही आहे, तो सांगून टाकते. मी सदुसष्ट वर्षांची. जन्म, लग्न, नोकरी सगळे बडोद्यातच. माहेर दांडिया बाजारात, सासर रावपुऱ्यात, दोन्हींच्या मध्ये चालत पंधरा मिनिटे. हौशी नाटकांत तीस वर्षे कामे केली. आमच्याकडे तालमी सांभाळून कराव्या लागतात. नवरात्रात गाव गरब्याला जाते, तेव्हा नऊ दिवस एकही पोरगी हाताला लागत नाही. १९९४ साली एका मंडळाच्या गणेशोत्सवासाठी मी पाच बायकांची एकांकिका बसवली. संहिता निवडली मी, माणसे जमवली मी, आमच्या माडीवर रोज रात्री साडेनऊला तालीम घेतली मी. त्यात एक छोटे कामही मीच केले, कारण पाचवी बाई बाळंतपणासाठी माहेरी गेली. प्रयोगाच्या आदल्या दिवशी हँडबिल आले. दिग्दर्शक म्हणून एका गृहस्थांचे नाव. ते एकूण तीन वेळा आले होते आणि त्यांनी दिव्यांचे बघितले होते. माझे नाव ‘भूमिका’मध्ये, आणि खाली बारीक टायपात ‘दिग्दर्शन साहाय्य’. मी चिटणीसांना विचारले. ते म्हणाले, “अहो, तुम्ही कामही करताय ना? मग दोन-दोन ठिकाणी नाव कशाला?” शेजारी उभे असलेले गुजराती प्रेसवाले मला म्हणाले, “जवा दो ने, बेन.” मी जाऊ दिले. हँडबिल मात्र ट्रंकेत आहे.

आता श्राडरबाई. त्यांचे काम मी पहिल्यांदा पाहिले ते लॉकडाऊनमध्ये, सुनेच्या लॅपटॉपवर. ‘अनऑर्थोडॉक्स’ ही न्यूयॉर्कमधल्या कर्मठ ज्यू घरातून पळून बर्लिनला आलेल्या एका मुलीची गोष्ट. बोलणे बरेचसे यिडिशमध्ये, म्हणजे जर्मनशी नाते असलेल्या ज्यूंच्या भाषेत. मी तरुणपणी संध्याकाळच्या वर्गात थोडी जर्मन शिकले होते. यिडिश कानावर पडली की ती जर्मन ओळखीची वाटे आणि लगेच हातातून सुटे. लग्नानंतर त्या मुलीचे, एस्टीचे, केस काढतात. शिरा हास या नटीचे खरे केस त्या प्रसंगात काढले आहेत. केस काढायचे यंत्र, आजूबाजूच्या बायका हे सगळे आहेच, पण लक्षात राहतो तो मुलीचा चेहरा. ती रडते आणि मधूनच हसते. सून म्हणाली, “आई, ही हसतेय का?” मी काहीच बोलले नाही, कारण मी तिथे नव्हतेच.

मी होते आमच्या दांडिया बाजारातल्या वाड्याच्या मागच्या दाराशी. वडिलांची विधवा आत्या आमच्याकडे राहायची. लाल आलवण, सोवळे. पंधरा दिवसांनी न्हावी मागच्या दाराने येई. मुलांनी तिकडे फिरकायचे नाही अशी ताकीद होती. मी सहा-सात वर्षांची असेन. दाराच्या फटीतून एवढेच दिसायचे की आत्या पाटावर बसली आहे आणि तिच्या पायाची बोटे आत वळवून घट्ट आवळलेली आहेत. डोके कधी दिसले नाही. न्हावी गेल्यावर ती मला बोलावून खडीसाखर द्यायची, आणि तेव्हा हसायची. ते हसू कसले, हे मला साठ वर्षे कळले नव्हते. लॅपटॉपवर कळले.

इथे मला विजयाबाई आठवतात. तुमच्या सहा जणींत त्या नव्हत्या, हीही तक्रार नोंदवून घ्या. विजया मेहता यांचा जन्म १९३४ चा आणि आमच्या बडोद्याचा. पुढे मुंबईच्या झाल्या, पण जन्म इथला, हे आम्ही सोडणार नाही. जयवंत दळवींच्या ‘बॅरिस्टर’वरून त्यांनी ‘रावसाहेब’ हा चित्रपट केला. विषय तोच, सोवळ्या, म्हणजे केस काढलेल्या विधवा बायकांचा. दिग्दर्शन त्यांचे, आणि मावशीचे कामही त्यांचेच. त्या कामासाठी त्यांना सहायक अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. दोन-दोन ठिकाणी नाव कशाला, असे त्यांना कुणी विचारल्याचे ऐकिवात नाही. आणि जर्मनीशी त्यांचे नाते होतेच. वायमारचे दिग्दर्शक फ्रित्झ बेनेविट्झ आणि त्यांनी मिळून जर्मन नाटककार ब्रेश्टचे नाटक मराठीत आणले, ‘अजब न्याय वर्तुळाचा’ हे. तेव्हा अभिनेत्रीने दिग्दर्शन करणे ही मराठी वाचकाला जर्मनीहून आणून दाखवायची नवलाई नव्हे.

जर्मनीतही ही वाट जुनी आहे. मारगारेथे फॉन ट्रोटा आधी नटीच होत्या. त्यांना १९८१ साली व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार, गोल्डन लायन, मिळाला. २००३ साली त्यांच्या ‘रोझेनश्ट्रासे’मध्ये श्राडरबाईंनी काम केले आहे. आमच्या एका ओळखीच्या गृहस्थांनी या विषयावर लगेच लेनी रीफेनश्टालचे नाव काढले. खरे आहे, तीही नटी होती, मग दिग्दर्शिका झाली आणि हिटलरच्या सभांचे भव्य चित्रण तिने केले. जर्मन बाई म्हटली की लोकांना तीच पहिली आठवावी, याचा मला कंटाळा येतो. म्हणून तिच्यावर एवढेच.

श्राडरबाईंचे नाव झाले ते १९९९ च्या ‘एमे उंड यागुआर’ने. १९४३ चे बर्लिन. लपून राहणारी ज्यू मुलगी फेलिस आणि चार मुलांची आई असलेली, नाझी सैनिकाची बायको लिली, यांच्या प्रेमाची ही खरी घडलेली हकिगत. श्राडरबाई फेलिस झाल्या, युलियाने क्योलर लिली. बर्लिनच्या महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचे रुपेरी अस्वल दोघींना मिळून दिले. फेलिसचे काम बघताना एक गोष्ट माझ्या लक्षात आली. ती खोलीत शिरली की आधी दार कुठे, खिडकी कुठे, हे बघते आणि मग माणसांकडे. ज्याला कधीही पळावे लागेल तो तसेच बघणार. हे संहितेत लिहिलेले होते की नटीने आणले, कोण जाणे. पण खोलीकडे असे बघणारी बाई उद्या कॅमेऱ्यामागे उभी राहिली तर तिला वेगळे काय शिकावे लागणार?

बावीस वर्षांनी, २०२१ साली, त्यांनी दिग्दर्शित केलेला ‘इश बिन डाइन मेन्श’ त्याच महोत्सवात होता. तोवर तिथे नट आणि नटी असे वेगळे बक्षीस देणे बंद करून मुख्य भूमिकेला एकच ठेवले होते. त्या पहिल्याच वर्षी ते मिळाले मारेन एगर्ट यांना, श्राडरबाईंच्या चित्रपटासाठी. स्वतः घेतलेले बक्षीस पुढे आपल्या नटीला मिळवून द्यायचे, याला माझ्या शब्दकोशात ‘वळणे’ म्हणत नाहीत. चित्रपट मजेचा आहे. बर्लिनच्या पेर्गामोन म्युझियममध्ये क्यूनिफॉर्म या प्राचीन लिपीतल्या विटांवरचे काव्य शोधणारी एक विदुषी. तिच्या गळ्यात तीन आठवड्यांसाठी एक यंत्रमानव बांधतात. आदर्श नवरा म्हणून तो घडवलेला. तो तिचे विस्कटलेले घर चकाचक आवरून ठेवतो आणि तिचे डोके फिरते. माझ्या यजमानांनी एकदा माझ्या नाटकाच्या कागदांचा ढीग ‘नीट’ लावून ठेवला होता. त्यामुळे मी पूर्णपणे तिच्या बाजूने होते.

पण मला सगळ्यांत आवडला तो २०१६ चा, स्टेफान झ्वाइग या लेखकावरचा ‘फोर डेअर मॉर्गनरोटे’. बर्लिनला भाचीकडे गेले होते तेव्हा तिच्या टीव्हीवर पाहिला. निम्मी जर्मन समजली, निम्मी भाचीने कानात सांगितली. झ्वाइग व्हिएन्नाचा, ज्यू, त्या काळी जगभर वाचला जाणारा. हिटलरमुळे देश सुटला आणि शेवटी तो ब्राझीलमधल्या पेट्रोपोलिसला गेला. १९४२ च्या फेब्रुवारीत तिथे त्याने आणि त्याच्या बायकोने जीव दिला. असा विषय आपल्याकडे कुणी घेतला तर बालपणापासून सुरू होईल आणि मध्ये दोन गाणी येतील. श्राडरबाईंनी हद्दपारीच्या वर्षांतले पाच-सहा प्रसंग घेतले आहेत. एकेक प्रसंग पूर्ण चालू द्यायचा, आणि थांबायचे. झ्वाइगच्या भूमिकेला योझेफ हाडर घेतले, जे ऑस्ट्रियात विनोदासाठी प्रसिद्ध आहेत. हाही नटीचाच निर्णय. विनोद करणाऱ्याला थांबायचे कधी ते कळते, हे नटाला माहीत असते.

पहिला प्रसंग म्हणजे रिओमधल्या मेजवानीचे टेबल. नुसत्या फुलांनी भरलेले. नोकर शेवटचा हात फिरवतात, मग दारे उघडतात आणि पाहुणे आत येतात. कॅमेरा जागचा हलत नाही. पुढे एका आडगावात झ्वाइगचा सत्कार आहे. उन्हात, उसाच्या मुलखात. गावचा प्रमुख गडबडून गेला आहे आणि बँड ‘ब्लू डॅन्यूब’ वाजवतो, चांगलाच बेसूर. व्हिएन्नाच्या माणसापुढे व्हिएन्नाची धून! मी हसू लागले. आमच्याकडच्या सत्कारांत शाल कमी पडलेली, हार आधीच सुटलेला, माइकची शिट्टी हे सगळे मी भोगले आहे. तेवढ्यात झ्वाइगचा चेहरा दिसला. घर सुटलेल्या माणसाला बेसूर का होईना, आपली धून ऐकू आली होती. माझे हसू तिथेच राहिले.

आणि शेवट. नवरा-बायको गेलेली आहेत. शेजारीपाजारी, पोलीस, ओळखीचे लोक खोलीत ये-जा करतात. आपण पलंगाकडे बघतच नाही. कपाटाच्या दाराला आरसा आहे, ते दार हलते आणि त्या आरशात पलंग क्षणभर दिसतो. एवढेच. कुठे ओक्साबोक्शी रडणे नाही.

हे बघताना मला माझीच एकांकिका आठवली, क्षमा करा. त्यात सासू गेल्यावर सून तिचे लुगडे घडी करून ठेवते असा प्रसंग होता. काम करणारी मुलगी तालमीत लुगडे तोंडाला लावून जे रडायची ते थांबेचना. मी तिला म्हटले, “रडू नकोस. काठाला काठ लागला पाहिजे, तेवढेच बघ. तुझ्या सासूला वाकडी घडी चालायची नाही.” नऊवारी लुगडे एकटीने घडी करायला वेळ लागतो. मी तो सगळा वेळ दिला. दिवेवाल्या गृहस्थांनी मागून दोनदा खुणा केल्या, आवरा म्हणून. प्रयोगाच्या दिवशी पुढच्या रांगेतल्या बायकांचे पदर डोळ्यांना गेले. मला हे कुणी शिकवले नव्हते. वीस वर्षे इतरांच्या दिग्दर्शनात ‘आता रडा’ ऐकून-ऐकून मला कळले होते की तेव्हा रडू येत नाही.

हॉलीवूडमध्ये केलेल्या ‘शी सेड’मध्ये श्राडरबाईंनी हेच केले आहे. हॉलीवूडचा बडा निर्माता हार्वी वाइनस्टाइन याच्या लैंगिक अत्याचारांचे प्रकरण न्यूयॉर्क टाइम्सच्या दोन पत्रकार बायकांनी कसे बाहेर काढले, त्याचा २०२२ चा हा चित्रपट. त्यात अत्याचार एकदाही दाखवलेला नाही. एका जागी त्या माणसाचे खरे ध्वनिमुद्रण ऐकू येते, तो एका मुलीला खोलीत ये म्हणून दडपतो आहे. पडद्यावर काय, तर हॉटेलचा रिकामा बोळ. गालिचा, बंद दारे, भिंतीवरचे दिवे. चित्रपट गल्ल्यावर चालला नाही. मला तो मधे थोडा लांबलाही. पण तो बोळ मी विसरत नाही. तशा प्रसंगात बाईचे अंग कसे दाखवतात हे जिला आयुष्यभर कॅमेऱ्यापुढे उभे राहून माहीत आहे, तिनेच ते अंग पडद्यावर आणले नाही.

म्हणून ‘वळल्या’ खोटे आहे. ‘अभिनय आणि दिग्दर्शन दोन्ही करतात’ एवढे साधे वाक्य चालले असते. जागाही तेवढीच लागली असती. मी मोजले आहे.

एक बडोदेकरी गोष्ट जाता जाता. झ्वाइग १९३६ साली पहिल्यांदा ब्राझीलला गेला. त्याच साली हर्मन गोएट्झ हे जर्मन कलाइतिहासकार हिंदुस्थानात आले आणि पुढे कमाटीबागेतल्या आपल्या म्युझियमचे प्रमुख झाले. वडील मला देवमाशाचा सांगाडा आणि ममी दाखवायला नेत आणि न चुकता सांगत, इथे एक जर्मन साहेब होते, फार शिस्तीचे. झ्वाइगचा चित्रपट संपल्यावर भाचीच्या खोलीत मला ते साहेब आठवले. कमाटीबागेत संध्याकाळी बँड वाजत असेल तेव्हा त्यांना काय वाटत असेल, कुणास ठाऊक.

पत्र लांबले याची कल्पना आहे. तुमच्याकडे जागेची टंचाई असते. कापायचेच झाले तर गोएट्झसाहेबांचा परिच्छेद कापा. हँडबिलाचा राहू द्या.

आपली,
एक जुनी वाचक,
रावपुरा, बडोदे